उजेडाचा खर्च

(जळगाव येथील एका स्मृती व्याख्यानमालेतील व्याख्यानाचा संपादित मजकूर)



संयोजकांनी मला विषय दिला आहे तो स्वतंत्र चित्रपट करणाऱ्या छायालेखकाच्या कारकिर्दीचा. अशा विषयावर बोलणारा माणूस सहसा दोन गोष्टी सांगतो. एक, कॅमेऱ्याची जादू. दोन, गरिबीतून वर आलेल्या कलावंताची जिद्द. दोन्ही खऱ्या आहेत, पण त्या ऐकून या सभागृहातल्या एकाही तरुणाला उद्या सकाळी काय करायचे ते कळणार नाही. म्हणून मी हिशेबाबद्दल बोलणार आहे. पडद्यावर जो उजेड दिसतो त्याचे पैसे कोण भरतो, हा माझा आजचा प्रश्न आहे.

मोठ्या चित्रपटाच्या छायालेखकाला जनरेटर व्हॅन मिळते, दिव्यांचा ट्रक मिळतो, दहा-पंधरा लाइटमन मिळतात. दुपारी दोन वाजता पहाट हवी असेल तर तो ती तयार करतो. छोट्या चित्रपटाच्या छायालेखकाकडे यातले काही नसते, म्हणून तो सूर्यावर काम करतो. सूर्य फुकट आहे असे आपल्याला वाटते. तो फुकट नाही. हवा तसा उजेड येईपर्यंत थांबायचे म्हणजे वीस माणसांचे जेवण, लॉजचे भाडे, गाडीचे डिझेल आणि रोजंदारी चालू ठेवायची. निर्माता घड्याळ बघत असतो. अशा वेळी ‘अजून तासभर थांबू’ असे म्हणण्याची ताकद ज्याच्यात असते, त्याचे चित्र वेगळे दिसते. ही ताकद प्रतिभेतून येते हे अर्धेच खरे. उरलेली अर्धी कुणीतरी पैसे भरल्यामुळे येते.

हे नुसते तत्त्व म्हणून न ठेवता आपल्या खानदेशाच्या उजेडात तपासून बघू.

जळगाव आणि धुळे दोन्ही शहरे साधारण एकवीस अंश अक्षांशावर आहेत. मे महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात सूर्य बरोबर आपल्या डोक्यावर येतो आणि भर दुपारी उभ्या माणसाची सावली त्याच्या पायाखाली जाते. शाळेतली मुले त्या दिवशी मैदानात काठी रोवून गंमत बघतात. छायालेखकासाठी मात्र तो वर्षातला सगळ्यात वाईट उजेड. कपाळ आणि नाक चकाकते, भुवईचे हाड डोळ्यांवर छपरासारखे पुढे येते आणि डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात. नटाने जीव ओतला तरी त्याचे डोळे दिसत नाहीत, आणि डोळे दिसले नाहीत तर अभिनय पोहोचत नाही. मोठे युनिट अशा वेळी वर भलामोठा स्किमर, म्हणजे उजेड गाळणारे कापड, ताणते, ऊन मऊ करते आणि समोरून दिवा मारते. छोटे युनिट दहाला कॅमेरा बंद करते आणि चारला पुन्हा उघडते. म्हणजे उन्हाळ्यात दिवसाचे कामाचे तास सहा-सातच उरतात. चित्रपटाचे दिवस वाढतात, खर्च वाढतो.

आता रावेर-यावलच्या केळीच्या बागेत चला. बाहेर रणरणते ऊन आणि आत गारवा. डोळ्याला फार छान वाटते. कॅमेऱ्याला तिथे सगळे हिरवे दिसते, कारण केळीच्या रुंद पानांतून गाळून येणारा उजेडच हिरवा असतो. नायिकेच्या गालावर तो रंग चढला की ती आजारी दिसते. नवखा कॅमेरामन व्हाइट बॅलन्स बदलून हिरवेपणा काढायला जातो. त्याने चेहरा सुधारतो, पण बागेचाही रंग जातो आणि केळी वाळल्यासारखी दिसते. जाणता माणूस कॅमेऱ्याला हात लावत नाही. बागेच्या कडेला जिथे उघडे ऊन पडते तिथे तो पांढऱ्या थर्माकोलची शीट धरायला लावतो आणि तो शुभ्र उजेड फक्त चेहऱ्यावर वळवतो. शीटची किंमत किरकोळ असते. कुठे उभे राहून, कोणत्या कोनात आणि किती वाजता ती धरायची, हे ज्ञान महाग असते.

आपली काळी जमीन हा आणखी एक मुद्दा. कोकणात किनाऱ्याच्या वाळूवरून उजेड उसळून खालून चेहऱ्यावर येतो, सावल्या भरून निघतात. आपली कापसाची काळी माती उजेड पिऊन टाकते. म्हणून कपाशीच्या शेतात उभ्या माणसाच्या हनुवटीखाली, टोपीखाली, पदराखाली गडद अंधार राहतो. बोंडे फुटून वेचणी सुरू झाली की त्यात थोडा फरक पडतो, कारण पांढरे शेत काही उजेड परत देते. तीच बाई, तेच शेत, तेच ऊन, पण श्रावणात आणि दिवाळीनंतर तिचा चेहरा वेगळा दिसतो. जिनिंगमध्ये हवेत तरंगणारे कापसाचे तंतू खिडकीतून आलेल्या किरणाला आकार देतात, त्यासाठी मुंबईच्या स्टुडिओत धुराचे यंत्र आणावे लागते. हे सगळे इथे वाढलेल्या मुलाला न शिकता माहीत असते, फक्त ते ज्ञान आहे हे त्याला कुणी सांगितलेले नसते.

ज्ञान असे हाताशी आहे. मग खर्च कोणी भरला? इतिहासाकडे वळू. सुरुवात आपल्याच शेजारून करतो.

अजिंठ्याची लेणी जळगावहून साठेक किलोमीटरवर आहेत. 1844 साली मद्रासच्या लष्करातल्या रॉबर्ट गिल या अधिकाऱ्याची तिथल्या भित्तिचित्रांच्या नकला करण्यासाठी नेमणूक झाली. अंधाऱ्या गुहांत वर्षानुवर्षे बसून त्याने कॅनव्हासवर मोठमोठी चित्रे उतरवली. ती लंडनला गेली आणि 1866 साली क्रिस्टल पॅलेसच्या आगीत त्यांतली बहुतेक जळाली. दरम्यान गिलने कॅमेरा हाती घेतला होता. त्याच्या छायाचित्रांचे पुस्तक 1864 मध्ये निघाले. 1879 साली तो गेला आणि त्याचे थडगे भुसावळला आहे. ना. धों. महानोरांच्या दीर्घकाव्यामुळे गिल आणि पारो यांची प्रेमकथा आपल्याला ठाऊक आहे. मला आज त्या कथेपेक्षा पगारपत्रक महत्त्वाचे वाटते. पगार साहेबाच्या सरकारचा होता, म्हणून चित्रे लंडनला गेली. जो उजेडाचे पैसे भरतो, चित्र त्याच्या घरी जाते. हा नियम तेव्हापासून फारसा बदललेला नाही.

दुसरे उदाहरण त्र्यंबकेश्वरचे. दादासाहेब फाळक्यांनी 1912 साली लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणला. सावकाराला पटवण्यासाठी त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि रोज थोडी थोडी फिल्म उघडत त्याची वाढ टिपली. पडद्यावर रोप पाहता पाहता मोठे झाले आणि कर्ज मंजूर झाले. भारतीय चित्रपटाचा पहिला अर्थपुरवठा छायालेखनाच्या प्रात्यक्षिकावर झाला, हे छायालेखकांनी विसरू नये. ‘राजा हरिश्चंद्र’ 3 मे 1913 रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये लागला. त्याचा कॅमेरा चालवला त्र्यंबक बी. तेलंग यांनी. ते फाळक्यांचे त्र्यंबकेश्वरचे मित्र. फाळक्यांनी त्यांना हँडल फिरवायला शिकवले. हँडल एकसारखे फिरले पाहिजे, सेकंदाला साधारण दोन फेरे. हात घाईला आला तर पडद्यावर माणसे रेंगाळतात आणि हात मंदावला तर धावत सुटतात. म्हणजे पहिल्या छायालेखकाचे कौशल्य डोळ्याइतकेच मनगटात होते.

पण पैसे? फाळक्यांनी विम्याच्या पॉलिसी गहाण टाकल्या आणि सरस्वतीबाईंचे दागिने गेले. सरस्वतीबाईंनी साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक केला, कच्च्या फिल्मला भोके पाडली, रसायने कालवली आणि शूटिंगच्या वेळी उन्हात पांढरी चादर धरून उभ्या राहिल्या. ती चादर म्हणजे रिफ्लेक्टर. मघाशी मी केळीच्या बागेत थर्माकोल धरणाऱ्या माणसाबद्दल बोललो. त्या कामाच्या परंपरेची सुरुवात या बाईंपासून होते. उजेडाचा खर्चही त्यांनी भरला आणि उजेडही त्यांनीच धरला. श्रेयनामावलीत त्यांचे नाव नव्हते.

आता चाळीसगावला येऊ. कैखुश्रू माणेकजी मूस, म्हणजे आपले केकी मूस, सिनेमाचे छायालेखक नव्हते. ते स्थिरचित्रांचे कलावंत. तरीही स्वतंत्र छायालेखक कसा जगतो याचे खानदेशातले सगळ्यात पूर्ण उदाहरण त्यांचेच आहे, म्हणून त्यांना मी या रांगेत बसवतो. जन्म 2 ऑक्टोबर 1912 चा, मुंबईचा. शिक्षण इंग्लंडमध्ये. तिथून परतल्यावर चाळीसगाव स्टेशनजवळच्या बंगल्यात त्यांनी उरलेले आयुष्य काढले, आणि 31 डिसेंबर 1989 रोजी तिथेच ते गेले. बंगल्याला त्यांनी रेम्ब्रांटचे नाव दिले होते. प्रकाश आणि अंधार यांची वाटणी ज्या चित्रकाराने जगाला शिकवली त्याचे नाव घरावर लावणारा माणूस कशाच्या मागे होता हे वेगळे सांगायला नको.

मूस म्हटले की आपण लगेच रात्रीच्या गाडीने येणार असलेल्या प्रेयसीची आणि तिच्यासाठी उघड्या ठेवलेल्या दाराची गोष्ट सांगू लागतो. ती मी आज बाजूला ठेवतो. त्या गोष्टीने त्यांच्या कामाचे तास झाकून टाकले आहेत. त्यांचे नाव झाले ते टेबल-टॉप छायाचित्रणाने. साध्यासुध्या वस्तू टेबलावर मांडायच्या आणि त्यातून डोंगर, वाट, वस्ती, थंडी असा सगळा देखावा उभा करायचा. या प्रकारात फसवणूक उघडी पडते ती उजेडात. देखावा वीतभर असला तरी त्यावरचा सूर्य एकच असावा लागतो, सगळ्या सावल्या एकाच दिशेला जाव्या लागतात. दिवा टेबलाच्या फार जवळ आला तर जवळच्या झाडाची सावली एका बाजूला आणि लांबच्या झाडाची दुसऱ्या बाजूला पडते, आणि बघणाऱ्याला कारण न कळताही ते खोटे वाटते. जवळून काढलेल्या चित्रात पुढचे-मागचे सगळे स्पष्ट ठेवायचे तर भिंगाचे छिद्र अगदी बारीक करावे लागते, मग उजेड लांबलचक वेळ आत घ्यावा लागतो. त्यात दिवसच्या दिवस जातात. कोणतेही गिऱ्हाईक इतके थांबणार नाही.

मूस थांबू शकले, कारण त्यांना गिऱ्हाईक नव्हते. घर होते, कुटुंबाची पुंजी होती, आणि सांगतात त्याप्रमाणे वडील गेल्यावर दुकान सांभाळून मुलाला परदेशी पाठवणारी आई होती. यात त्यांच्या कलेला कमीपणा नाही. उलट, सवड मिळूनही ती वाया घालवणारी माणसे आपण पुष्कळ पाहतो. पण ‘मूस चाळीसगावात राहून जगप्रसिद्ध झाले, मग तुम्हाला काय धाड भरली’ असे आपण तरुणांना सुनावतो, तेव्हा तो बंगला आणि ते दुकान आपण हिशेबातून गाळतो. तो अन्याय आहे.

साहेबाचे सरकार, बायकोचे दागिने, आईचे दुकान. यापेक्षा वेगळी वाट 1976 साली गुजरातेत सापडली. श्याम बेनेगलांच्या ‘मंथन’चे निर्माते होते पाच लाख दूध उत्पादक शेतकरी. प्रत्येकाने दोन रुपये दिले. या चित्रपटातली बिंदू म्हणजे स्मिता पाटील, शिरपूरच्या शिवाजीराव पाटलांची लेक, आणि तिच्यावर उजेड टाकला गोविंद निहलानींनी. निहलानी व्ही. के. मूर्तींच्या हाताखाली तयार झालेले. मूर्ती म्हणजे गुरुदत्तांच्या ‘कागज के फूल’मधल्या त्या प्रसिद्ध किरणाचे कर्ते. असा स्टुडिओच्या घराण्यात शिकलेला माणूस खेड्यात आला आणि स्मिताच्या सावळ्या रंगाला उजळवायच्या फंदात न पडता त्याने तो रंग तसाच पडद्यावर नेला. त्या काळच्या नायिकांवर दिवे मारून चेहरा सपाट गोरा करण्याची पद्धत होती. इथे चेहऱ्याची एक बाजू अंधारात राहू शकली. माझे मत असे की त्यामागे निहलानींची नजर होती तशी पैसे देणाऱ्याची जातही होती. दोन रुपये देणाऱ्या शेतकऱ्याला पडद्यावर गोरी बाई बघायची नव्हती, आपल्या घरातली बाई बघायची होती.

मालेगावची वाट आणखी निराळी. मालेगाव प्रशासनाच्या नकाशावर नाशिकचे, पण एकेकाळी खानदेशातच मोडणारे आणि धुळ्याहून तासाभराच्या अंतरावरचे. तिथल्या नासिर शेख यांचे व्हिडिओ पार्लर होते, ते लग्नांचे शूटिंग करत. त्यांनी यंत्रमाग कामगारांना घेऊन ‘मालेगाव के शोले’ केला. ट्रॉलीच्या जागी सायकल आणि क्रेनच्या जागी बैलगाडी. पुढे त्यांनी सुपरमॅन मालेगावात आणला, तेव्हा त्या निर्मितीवर फैझा अहमद खान यांनी 2008 साली माहितीपट केला, आणि 2025 मध्ये रीमा कागती यांचा मोठा चित्रपटही आला. आपण हे सगळे हसत हसत बघतो आणि सायकलीचे कौतुक करतो. सायकलीत मला विशेष काही वाटत नाही. विशेष हे की नासिर यांना कॅमेऱ्याची हालचाल कशासाठी असते ते नेमके माहीत होते. पार्लरमध्ये शेकडो चित्रपट पुन्हा पुन्हा बघून त्यांनी ते शिकून घेतले होते. साधन नव्हते म्हणून कला झाली, असे नाही. काय हवे ते ठाऊक होते म्हणून साधन सापडले. आणि पैसे त्याच गल्लीतून आले, ज्या गल्लीने तो चित्रपट तिकीट काढून बघितला. पाच लाख शेतकऱ्यांचेच हे छोटे रूप आहे.

डिजिटल कॅमेऱ्याने सगळा खर्च संपवला, असे आता म्हणतात. काही अंशी खरे आहे. 35 मिलिमीटरच्या फिल्मचा हजार फुटांचा डबा अकरा मिनिटांत संपत असे, आणि प्रत्येक फुटाचे पैसे डोक्यात चालू असत. आज कार्ड पुसून पुन्हा वापरता येते. 2011 साली आलेला अमोल गुप्ते यांचा ‘स्टॅनली का डब्बा’ छायालेखक अमोल गोळे यांनी कॅनन सेव्हन-डी या स्थिरचित्रांच्या कॅमेऱ्यावर टिपला. दीड वर्ष, फक्त शनिवारी काही तास, शाळेतच. मुलांना वाटत होते कार्यशाळा चालू आहे. लहान कॅमेरा होता म्हणून मुले बुजली नाहीत. पण बघा, इथेही कॅमेरा स्वस्त झाला, दीड वर्षाचे शनिवार स्वस्त झाले नाहीत. ते अमोल गोळे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आपल्या आयुष्यातून भरले. अविनाश अरुण यांचा ‘किल्ला’ बघताना कोकणातला पाऊस आपल्याला सहज पडलेला वाटतो. 2014 साली बर्लिनला त्याला क्रिस्टल बेअर मिळाले. त्याचा दिग्दर्शक आणि छायालेखक एकच होता, म्हणून ढगांसाठी थांबायचे की नाही यावर सेटवर दोन मते नव्हती. थांबण्याचा अधिकार मिळवण्याचा तोही एक मार्ग आहे.

आता आपल्या मुलांकडे येतो. आज जळगाव-धुळ्याच्या कोणत्याही तालुक्यात लग्नसराईत गिंबल आणि ड्रोन घेऊन काम करणारी पोरे आहेत. अहिराणी गाण्यांचे व्हिडिओ तीच करतात. त्यांना पुढे जायचे तर दोन रस्ते आहेत. एक पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा, जी 1960 साली प्रभातच्या जागेत सुरू झाली. दुसरा मुंबईचा: कॅमेरा अटेंडंट, मग फोकस पुलर, मग ऑपरेटर, मग कधीतरी स्वतंत्र काम. दोन्ही रस्त्यांवर उमेदीची वर्षे जातात. पुढेही छोट्या चित्रपटाचा छायालेखक मानधन उधारीवर ठेवतो, कधी स्वतःचा कॅमेरा बिनभाड्याने लावतो, आणि घर चालवायला मालिका, जाहिराती, लग्ने करतो. लग्नाच्या कामाला कुणी कमी लेखू नये. मांडवात पुन्हा टेक नसतो. मंगलाष्टके संपायच्या आत उजेड ओळखावा लागतो, आणि वरमाईला कडेला ठेवले तर पैसे बुडतात. ही शाळा कडक आहे. तिची मर्यादा एवढीच की तिथे नाही म्हणता येत नाही. गिऱ्हाईक म्हणेल ते काढायचे. आणि छायालेखकाची कारकीर्द घडते ती काय काढले नाही यावर.

तेव्हा या मुलांना आपण काय द्यायचे? सत्कार आणि नारळ पुष्कळ झाले. खानदेशाला सहकाराची सवय आहे. दूध संघ, पतपेढ्या, कापूस आणि केळीच्या संस्था आपण चालवल्या, काही बुडवल्याही, पण हिशेब मांडणे आपल्याला परके नाही. ‘मंथन’चा धडा गुजरातने एकदा गिरवला, तो आपण लहान प्रमाणावर गिरवू शकतो. एका तालुक्यातल्या हजार घरांनी पाचशे रुपये दिले तर पाच लाख होतात. त्यात मोठा चित्रपट होत नाही. एक तरुण छायालेखक, एक दिग्दर्शक आणि चार सहकारी यांना एका हंगामाची सवड नक्की मिळते. या व्याख्यानमालेनेच ते खाते उघडावे, हिशेब दरवर्षी इथे वाचून दाखवावा आणि झालेला लघुपट पहिल्यांदा इथे दाखवावा. नावे दाखवताना रिफ्लेक्टर धरणाऱ्याचेही नाव यावे. चित्र फसले तर फसले म्हणावे, आणि पुढच्या वर्षी दुसऱ्याला संधी द्यावी. शेतीत आपण हेच करतो.

अध्यक्ष महाराज, ही सूचना मी भाषणाची शोभा म्हणून केलेली नाही. वर्गणीदारांच्या यादीत पहिले नाव माझे लिहावे आणि आजचे मानधन त्यात जमा करावे, अशी संयोजकांना विनंती करतो आणि थांबतो.